चेरीचे ब्लिंझ, लोण्यात परतलेले

एडिसन, न्यू जर्सी
११ फेब्रुवारी १९८५

ती. शीलाताई यांस,
जय भीम.

फोन मी उचलला की तुम्ही ठेवून देता, प्रल्हादने उचलला तरच बोलता. बारा वर्षं झाली याला. म्हणून पत्र लिहितेय. तुमच्या भावाला विचारलं तर म्हणाला, "लिही, ताईला पत्रं आवडतात. चुका काढता येतात."

बातमी ही की विवेकने लग्न ठरवलंय. मुलगी ज्यू आहे, नेओमी नाव. कॉलेजात त्याच्याबरोबर होती, आता इथे जवळच शाळेत शिकवते. मला सरळ 'सुनेत्रा' म्हणते. त्याची सवय करतेय. विवेक नोकरीच्या गावाहून, इकडच्याच डब्लिनहून, दर दोन आठवड्यांनी आठ-नऊ तास ड्राइव्ह करून येतो. आमच्यासाठी एवढा कधी आला नाही.

अडचण मुलीच्या आजीची आहे. नेओमीचे आईवडील ती लहान असतानाच गेले. मिसेस रॉथने तिला वाढवलं. ही बाई महायुद्धानंतर हंगेरीतून एकटी आलेली, तिचं म्हणून आता एवढी एक नात. आजी म्हणते, मुलगा आपल्यातला नाही हे मी कसंबसं गिळीन, पण आधी त्या घरात एकदा बसून जेवीन, मग सांगेन. नेओमीने विवेकला स्पष्ट सांगितलंय: आजी नाही म्हणाली तर लग्न नाही. विवेक माझ्यासमोर डायनिंग टेबलावर डोकं ठेवून बसला होता, ताई. चोवीस वर्षांचा घोडा.

तेव्हा तुमची मदत हवी. तुम्ही त्या ज्यू लोकांच्या वृद्धाश्रमात स्वयंपाक बघता ना? ही आजी ब्लिंझ करायची म्हणे, म्हणजे फळं भरून गुंडाळलेली पातळ धिरडी, चेरीची. आता तिचे हात संधिवाताने वाकलेत, सहा वर्षांत केलेले नाहीत. मला ते तिला करून घालायचेत. दुकानातले फ्रोजन नकोत. घरी केलेले. रेसिपी पाठवाल का?

तुमची,
सुनेत्रा


ईडन प्रेरी, मिनेसोटा
२० फेब्रुवारी १९८५

सुनेत्रा,
जय भीम.

विवेकच्या लग्नाची बातमी मला तुझ्याकडून कळावी याचं नवल वाटलं. पाच वर्षं त्याला आंघोळ घातली, शाळेत पोचवलं, गोवरात मांडीवर घेऊन बसले. दोन ओळी त्यालाही लिहिता आल्या असत्या. मराठी लिहायला मीच शिकवलंय. येत नाही असं सांगू नये.

रेसिपी देते. तीन अंडी, एक कप दूध, एक कप मैदा, दोन चमचे वितळवलेलं लोणी, चिमूटभर मीठ. अंडी एकेक करून काचेच्या वाटीत फोडायची. रक्ताचा ठिपका दिसला तर ते अंडं टाकून द्यायचं. गुठळी राहू द्यायची नाही. अर्धा तास झाकून ठेव. पीठ साईच्या दुधाइतकं पातळ हवं. सात इंची तवा, मध्यम आच. पीठ ओतून तवा गोल फिरव, जास्तीचं परत भांड्यात ओत. आतल्या सारणासाठी आंबट चेरी, बिया काढलेल्या. या दिवसांत डब्यातल्याच मिळतील, पाकातल्या घेऊ नकोस. साखर, लिंबू, कॉर्नफ्लॉवर घालून आटव आणि पूर्ण गार कर. पूर्ण म्हणजे पूर्ण. तुझ्या हाताला धीर नाही हे मला ठाऊक आहे.

हे पान संपलं. दुसरं घेते, ते नीट वाच.

आमच्या वृद्धाश्रमाच्या स्वयंपाकघरात सगळं दोन-दोन आहे. दुधाची भांडी निळ्या खुणेची, मांसाची लाल. सिंक दोन, फडकी दोन, सुऱ्या दोन. दूध, दही, लोणी, चीज यांतलं काहीही मांसाबरोबर शिजत नाही, एका जेवणात वाढलंही जात नाही. मांस खाल्लं की पुढे सहा तास दुधाचा थेंब नाही. ब्लिंझ दुधाचे, म्हणून मांसाच्या जेवणाला आम्ही ते करत नाही. पहिल्या आठवड्यात मी एकदा लाल चमचा दह्यात घातला होता. सबंध पातेलं फेकलं. कोणी ओरडलं नाही, पण मी तो दिवस विसरलेले नाही. अकरा वर्षं झाली. आता नवीन बायकांना हे नियम मी शिकवते. माझी बी.ए., बी.टी. या देशात तेवढ्यापुरतीच कामाला आली.

म्हातारी माणसं माझ्या हातचं खातात आणि आणखी मागतात. सांगण्याचं कारण एवढंच की तू 'स्वयंपाक बघता ना' असं लिहिलंस. मी तो चालवते.

शीला


एडिसन
८ मार्च १९८५

ती. शीलाताई यांस,
जय भीम.

रेसिपी मिळाली, थँक यू. पहिलं पान फ्रिजवर चिकटवलंय. पत्र लांब होतं, बाकीचं सवडीने वाचीन. इन्कम टॅक्सचे दिवस आहेत, टेबलावर नुसते कागद झालेत.

शनिवारी ट्राय केले. सगळं वाया गेलं. धिरडं उलटतो तसे दोन्ही बाजूंनी छान खमंग भाजले आणि घड्या घालायला गेले तर पापडासारखे मोडले. चेरीचा रस शेगडीभर. प्रल्हाद आत येऊन म्हणाला, "कोणाचा खून केलास?" मग ते तुकडे त्याने लसणाच्या चटणीबरोबर खाल्ले, वर म्हणतो, "ज्यू लोक असे खात नसतील तर त्यांचं नुकसान आहे." कुठे चुकलं सांगा.

तारीख ठरली. रविवार, १९ मे.

आणखी एक. नेओमी जरा ओशाळून म्हणाली की आजी स्वतःच्या कागदी ताटल्या आणि प्लॅस्टिकचे चमचे घेऊन येईल, आमच्या ताटात जेवणार नाही. मी म्हटलं, नो प्रॉब्लेम. मला त्यात काही वाटलं नाही. म्हाताऱ्या माणसांचं असतं काही ना काही. प्रल्हादला सांगितलं तर तो काही बोललाच नाही. गॅरेजमध्ये जाऊन लॉनमोअर उघडून बसला. मार्चमध्ये, बाहेर बर्फ असताना.

तुमची,
सुनेत्रा


ईडन प्रेरी
१६ मार्च १९८५

सुनेत्रा,

प्रल्हाद का बोलला नाही ते मी सांगते. तू मुंबईच्या क्वार्टर्समध्ये वाढलीस, तुझे वडील साहेब होते. तुला नळाचं पाणी मिळालं.

प्रल्हाद सहा वर्षांचा होता, मी दहाची. गावच्या शाळेत आमची दोन ॲल्युमिनियमची ताटं दाराबाहेर खुंटीला टांगलेली असायची. शाळेत काही वाटलं तर ते वरून टाकायचे. पाणी ओंजळीत, वरून. प्रल्हादची ओंजळ लहान, निम्मं सांडायचं. मग तो शर्टाचा ओला भाग चोखायचा. एकदा त्याने दुसऱ्या मुलाच्या ताटलीला हात लावला. त्या ताटलीवर विस्तव ठेवून ती शुद्ध केली आणि त्याला ते समोर उभं करून बघायला लावलं. हे त्याने तुला सांगितलं नसेल. माझ्याजवळही त्याने कधी ती आठवण काढलेली नाही.

आणि आता त्याच्या स्वतःच्या घरात, त्याने पैसे भरून घेतलेल्या घरात, एक बाई आपली ताटली घेऊन येणार आणि तू म्हणतेस नो प्रॉब्लेम.

बेत रद्द कर. मुलीला विवेक हवा असेल तर ती येईल, नाही तर राहील. विवेकला मुली मिळतील.

ब्लिंझचं विचारलंस म्हणून लिहिते. भाजायचे एकाच बाजूने. उलटायचे नाहीत. वरची बाजू कोरडी झाली, कडा सुटल्या की तवा स्वच्छ कापडावर पालथा करायचा, भाजलेली बाजू वर. तिच्यावर दीड चमचा सारण. खालची कड वर, दोन्ही बाजू आत, मग गुंडाळी, पाकिटासारखी. कच्ची बाजू बाहेर राहते. ती शेवटी परतताना भाजली जाते. तोवर ते मऊ असतात, मोडत नाहीत. धिरड्यासारखं करायला ते धिरडं नाही.

पण करायचं कारण उरत नाही. रद्द कर.

शीला


एडिसन
२ एप्रिल १९८५

ती. शीलाताई यांस,
जय भीम.

तुमचं पत्र मी प्रल्हादला दाखवलं. त्याने वाचून घडी घालून खिशात ठेवलं. दोन दिवसांनी म्हणाला, "ताईचं सगळं खरं आहे. पण ते माझं झालं, विवेकचं कशाला करू? बोलव त्या बाईला. ताटली आणू दे, सतरंजी आणू दे."

तेव्हा बेत रद्द होणार नाही. आणि ताई, रागावू नका, पण स्पष्ट लिहिते. तुम्ही विवेकला पाच वर्षं सांभाळलंत, ते मी नाकारत नाही. पण सांभाळणं वेगळं आणि आई असणं वेगळं. तुम्हाला स्वतःचं मूल असतं तर 'मुली मिळतील' हे वाक्य तुमच्या पेनातून उतरलं नसतं. त्याने शाळेच्या फॉर्मवर 'आजारी पडल्यास कोणाला कळवावे' इथे माझ्याऐवजी तुमचं नाव लिहिलं, तेव्हा मी तुम्हाला जायला सांगितलं. आज तीच वेळ आली तर पुन्हा सांगेन. मी त्याची आई आहे. त्याचं सुख मलाच बघायचंय.

असो. मेन्यू ठरवलाय. कोषेर, म्हणजे त्यांच्या धर्माच्या नियमाने कापलेल्या, चिकनसाठी हायलंड पार्कच्या ज्यू खाटिकाकडे जाऊन आले, आजी तिथलंच घेते म्हणे. पातेली, तवा, सुऱ्या, सगळं नवीन घेतलं. नेओमी म्हणत होती, मी येऊन बघू का सगळं नीट आहे का. मी म्हटलं, अजिबात नाही, माझी नणंद मिनेसोटात ज्यू किचन चालवते, ती मला गाइड करतेय. पोरगी एकदम निश्चिंत झाली. आजीलाही जाऊन सांगितलं तिने.

तर असं: कोषेर चिकन रात्रभर दह्यात मुरवून, आपल्या मसाल्यात, साजूक तुपावर. तिखट बेताचं. बरोबर पुलाव, काकडीची कोशिंबीर. आणि शेवटी चेरीचे ब्लिंझ, लोण्यात परतलेले, वर सावर क्रीम. यात काही चुकत असेल तर आत्ताच सांगा. तुमच्याइतकं इथे कोणाला कळत नाही.

तुमची,
सुनेत्रा


ईडन प्रेरी
१० एप्रिल १९८५

चि. सौ. सुनेत्रा हिस,
जय भीम.

पत्र मिळालं. मेन्यू उत्तम आहे. काही बदलू नकोस.

दही आंबट नको. रात्रभर फडक्यात टांगून पाणी काढ, म्हणजे चिकनला नीट धरेल आणि मांस लुसलुशीत होईल. ब्लिंझ लोण्यातच परत. तेलाला चव नाही. गुंडाळीची कड खाली ठेवून आधी ती बाजू, म्हणजे सुटत नाहीत. आच मंद. तपकिरी व्हायच्या आधी, सोनेरी झाले की काढ. गरम ताटात वाढ, वाट बघायला लावू नकोस.

पहिला नेहमी बिघडतो. तो घरच्यांना घाल.

मागच्या पत्रात मी जास्त लिहिलं. मुलगा तुझा आहे.

शीला


एडिसन
१४ मे १९८५

ती. शीलाताई यांस,
जय भीम.

ताई, जमले! काल बारा केले आणि एकही फुटला नाही. पातळ, मऊ, आत चेरी लालभडक. प्रल्हाद म्हणाला, "ताई समोर असती तर सात मार्क दिले असते. दहापैकी." मी म्हटलं, आठ.

तुमचं शेवटचं पत्र मी दोनदा वाचलं. लग्न होऊन सव्वीस वर्षं झाली, एवढ्या मायेने तुम्ही मला कधी लिहिलं नव्हतं. 'मुलगा तुझा आहे' हे वाचून मी ओट्याशी उभी राहून रडले. मी २ एप्रिलला जे लिहिलं ते लिहायला नको होतं. मूल नसण्यावरून बोलणं हलकटपणाचं होतं. माफ करा.

विवेक विचारत होता, आत्या रविवारी येऊ शकेल का, विमानाचं तिकीट मी काढतो. या ना. तुमची खुर्ची ठेवते. नाही जमलं तर निदान रविवारी फोन करा. मी उचलीन, ठेवू नका.

तुमची,
सुनेत्रा


एडिसन
२३ मे १९८५

शीलाताई,

तुम्ही आला नाहीत, फोनही केला नाहीत. आता का ते कळलं. रविवारी काय झालं ते सांगते. तुम्हाला ते माहीत असायला हवं.

मिसेस रॉथ चार वाजता आली. बुटकी, निळी हॅट, हातात कागदी पिशवी. प्रल्हादने तिचा कोट घेतला. ती आधी किचनमध्ये गेली. नव्या पातेल्यांवरची लेबलं मी मुद्दाम काढली नव्हती. तिने एकेक हात लावून बघितलं, माझ्याकडे बघितलं. मग पिशवीतून कागदी ताटल्या काढल्या, जरा वेळ हातात धरल्या आणि परत आत ठेवल्या. म्हणाली, "नवीन ताटं आहेत का? मग यांची गरज नाही." प्रल्हाद दारात उभा होता. तो पटकन बाहेर गेला आणि तोंड धुऊन आला. आपल्या ताटात जेवायला बसली ती, ताई. प्रल्हादच्या शेजारी.

पहिला घास तिला आवडला. म्हणाली, "किती मऊ आहे! याला काय लावलंय?" मी अभिमानाने सांगितलं. दही. रात्रभर. आणि तूप.

तिने फोर्क खाली ठेवला. ओरडली नाही. उठून सिंकशी गेली, चूळ भरली, एकदा, दोनदा, तीनदा. नेओमी पांढरी पडली होती. मला तरी काही कळेना. मला वाटलं, तिखट लागलं. मी वेड्यासारखी घाईघाईने ब्लिंझ आणले, की गोड खाल्लं तर बरं वाटेल. सावर क्रीमसकट तिच्यापुढे ठेवले. ती त्यांच्याकडे बघत राहिली. म्हणाली, "हे माझ्या आईसारखे केलेत. कोणी शिकवलं?" मी तुमचं नाव घेतलं, कुठे काम करता ते सांगितलं.

"मग तिला माहीत आहे," आजी म्हणाली. "त्या किचनमध्ये एक दिवस काम केलेल्या माणसालाही माहीत असतं. तुम्ही मला हे जाणूनबुजून घातलं?"

विवेक म्हणाला, "मॉम, आत्याने काहीच सांगितलं नव्हतं?" तेव्हा मला ते दुसरं पान आठवलं. टॅक्सच्या कागदांत सापडलं. मी उभ्या उभ्या वाचलं. सगळं तिथे होतं. निळी खूण, लाल खूण, सहा तास. मी सर्वांसमोर सांगितलं की तिने लिहिलं होतं, मीच वाचलं नाही.

मिसेस रॉथ म्हणाली, "एक पान. माझ्यासाठी तुला एक पान वाचता आलं नाही." कोट तिने स्वतः घातला.

बुधवारी नेओमीने अंगठी परत केली. स्टेशनवर, गाडीतून न उतरता. विवेक माझ्याशी बोलत नाही. जाताना एवढंच म्हणाला, "You didn't even read it." आत्याने एवढं नीट लिहून कळवलं, असं तो प्रल्हादला दोनदा म्हणाला.

तुमचं १० एप्रिलचं पत्र मी सोमवारी पुन्हा काढून वाचलं. 'मेन्यू उत्तम आहे. काही बदलू नकोस.' प्रल्हादला दिलं. तो म्हणाला, "ताईला माहीत होतं?" पुन्हा म्हणाला, "ताईला माहीत होतं?"

विवेकला ते दाखवलेलं नाही. आधी तुम्हाला विचारते. का?

सुनेत्रा


ईडन प्रेरी
१ जून १९८५

सुनेत्रा,

का, ते सांगते.

नियम मी तुला २० फेब्रुवारीला लिहिले होते. तू वाचले नाहीस. माझं पत्र तुला रेसिपीपुरतं हवं होतं, जशी मी तुला मूल सांभाळण्यापुरती हवी होते. दुसऱ्यांदा सांगण्याचं माझ्यावर बंधन नव्हतं. हे पहिलं कारण, आणि कोणीही विचारलं तर मी हेच सांगेन.

दुसरं कारण ताटल्या. जी बाई माझ्या भावाच्या घरी आपली ताटली घेऊन येते, तिला त्या घरात घास गोड लागू नये असं मला वाटलं. मी हे बरेच दिवस मनाशी घोकलं. पण ते मला पुरतं पटलं नव्हतं. आमच्याकडे मिसेस ऍडलर म्हणून एक आहे, ब्याण्णव वर्षांची. तिला दिसत नाही. मी भरवते. मी कोण, कुठली, ती विचारत नाही. आज लाल की निळं, एवढंच विचारते. त्यांचा नियम अन्नाचा आहे, माणसाचा नाही, हे अकरा वर्षं मी डोळ्यांनी बघितलंय. गावच्या शाळेचा आणि त्याचा संबंध नाही. मला ते १६ मार्चलाही माहीत होतं.

तेव्हा तिसरं कारण. 'तुम्हाला स्वतःचं मूल असतं तर.' ते पत्र आलं तेव्हा मी कामावर निघाले होते, कोट घालून उभ्याने वाचलं. पुढे दही आणि तूप वाचलं आणि मला हसू आलं. खरंच हसले. तुझं माफीचं पत्र १७ मेला मिळालं. अजून दोन दिवस होते. फोन शेजारी होता. 'आठ मार्क' वाचलं, 'खुर्ची ठेवते' वाचलं. आणि मी भांडी घासायला घेतली.

ती ताटल्या परत ठेवील असं मला वाटलं नव्हतं. ते तू लिहायला नको होतंस.

काल विवेकचा फोन आला. त्याला एडिसनला यायचं नाही आणि डब्लिनच्या त्या फ्लॅटमध्ये राहवत नाही. म्हणाला, "आत्या, तुझ्याकडे येऊ?" नोकरी इकडे शोधणार आहे. १५ तारखेला, शनिवारी पोचेल. मी हो म्हटलं. छोटी खोली रिकामी केली आहे.

१० एप्रिलचं पत्र फाडून टाक. मी आजवर तुझ्याकडे काही मागितलेलं नाही.

शीला


एडिसन
९ जून १९८५

शीलाताई,

पत्र फाडलेलं नाही. ते प्रल्हादकडे आहे. कुठे ठेवलंय ते मी विचारलेलं नाही. तुमचा फोन आला तर तो उचलणार नाही, असं त्याने तुम्हाला कळवायला सांगितलंय.

विवेकला ते दिसणार नाही. यात तुमच्यावर उपकार नाहीत. नेओमी गेली. आई त्याच्या मनातून उतरली. आता तुम्हीही गेलात तर त्या मुलाला हाक मारायला कोणी राहणार नाही. म्हणून तुम्ही त्याच्यासाठी होतात तशाच राहाल आणि मी ते पान न वाचणारी बाई राहीन. ते खोटंही नाही. मी वाचलं नव्हतं.

मिसेस रॉथला मी दोन पत्रं पाठवली. दोन्ही न उघडता परत आली. तेव्हा एवढं कळलं की आपलं पत्र कोणी वाचलं नाही की कसं वाटतं.

विवेक आला की पहिले दोन दिवस जेवणार नाही. आग्रह करू नका. तिसऱ्या दिवशी आपणहून ताट घेईल आणि बोलायला लागेल. मग थांबणार नाही. आई अशी कशी, एक कागद वाचायचा होता, तुझ्यासारखी आई असती तर. तो हे तुमच्याच टेबलाशी बसून म्हणेल, तुमच्या हातचं जेवता जेवता, आणि दर वेळी तुमच्याकडे बघेल, तुम्हाला पटतंय ना म्हणून.

तुम्ही हो म्हणा. दर वेळी म्हणा.

सुनेत्रा